महानगरातील तरुणी : एकांत आणि एकाकीपण

शिक्षण किंवा नोकरीसाठी घर सोडून महानगरात एकट्या राहणाऱ्या तरुणी आता नवलाचा विषय राहिलेल्या नाहीत. त्यांच्या दैनंदिन जीवनाचा विचार करताना मात्र एकांत आणि एकाकीपण यांतील भेद ध्यानी घ्यावा लागतो. एकांत आपण निवडतो. एकाकीपण वाट्याला येते.

कुटुंबात स्त्रीला एकांत दुर्मीळच असतो. राष्ट्रीय सांख्यिकी कार्यालयाच्या २०२४ च्या वेळ-वापर सर्वेक्षणानुसार विनामोबदला घरकाम करणाऱ्या स्त्रिया त्यासाठी दिवसाला सरासरी २८९ मिनिटे देतात, तर पुरुष ८८ मिनिटे. त्यामुळे शहरातील भाड्याच्या खोलीत अनेकींना प्रथमच स्वतःच्या हक्काची संध्याकाळ लाभते.

या एकांताला किंमत आहे. अविवाहित तरुणीला जागा देण्यास अनेक घरमालक नाखूश असतात. जागा मिळालीच, तर अनामत रक्कम आणि येण्याजाण्याच्या वेळांची बंधने येतात. नोकरदार महिलांच्या वसतिगृहांसाठी केंद्र सरकारने १९७२-७३ मध्ये योजना सुरू केली. 'मिशन शक्ती' अंतर्गत तिला आता 'सखी निवास' म्हटले जाते. या योजनेच्या नियमांनुसार एका व्यक्तीच्या खोलीचे भाडे एकूण वेतनाच्या १५ टक्क्यांहून अधिक असू नये, तर सामायिक कक्षासाठी ही मर्यादा साडेसात टक्के आहे. म्हणजे अल्प वेतनात निवारा मिळतो, पण एकांत मिळेलच असे नाही.

घराबाहेरही हीच अडचण जाणवते. शिल्पा फडके, समीरा खान आणि शिल्पा रानडे यांनी मुंबईविषयीच्या 'व्हाय लॉयटर?' (२०११) या पुस्तकात दाखवून दिले, की सार्वजनिक ठिकाणी स्त्रीला सतत काही कामानिमित्त आल्याचे दर्शवावे लागते. बागेतील बाकावर निवांत बसणे पुरुषाला जितके सहज, तितके तिला नाही. परिणामी तिचा एकांत चार भिंतींत कोंडला जातो आणि तेथेच त्याचे एकाकीपण होण्याचा संभव असतो.

जागतिक आरोग्य संघटनेच्या जून २०२५ च्या अहवालानुसार १३ ते २९ वयोगटातील १७ ते २१ टक्के व्यक्तींना एकाकी वाटते. मन खचल्यास २०२२ मध्ये सुरू झालेल्या 'टेली-मानस' सेवेच्या १४४१६ या क्रमांकावर विनामूल्य समुपदेशन मिळते. परवडणारी जागा, निर्धास्त रस्ते आणि अडीअडचणीला हाक मारता येईल असा शेजार असेल, तर शहरातील एकटेपण शिक्षा न ठरता स्वातंत्र्य ठरू शकते.