उतारा कधी चालतो?

बेथेस्डा कंपनीच्या ‘स्कायरिम’ या 2011 सालच्या व्हिडिओ गेममध्ये रक्तपिपासू पिशाचांशी झुंजताना आपल्या पात्राला ‘सँग्विनारे व्हँपिरिस’ नावाचा आजार जडू शकतो. जडला तरी लगेच काही बिघडत नाही. गेममधले 72 तास हातात असतात. तेवढ्यात रोगनिवारक औषधाची एक बाटली पोटात गेली, किंवा देवस्थानापुढे हात जोडले, की विषय संपला. (हात जोडून बरं होण्याचा भाग गेमपुरताच घ्यावा.) गेममधलं घड्याळ खऱ्याच्या वीसपट धावतं, म्हणून सलग खेळणाऱ्याला हे 72 तास साडेतीन तासांपेक्षा थोडेच जास्त पडतात, पात्राला झोपवलं तर तेही उरत नाहीत. खेळणाऱ्यांमध्ये इथे दोन गैरसमज हमखास आढळतात. एक, पिशाच झाल्यावरही तीच बाटली चालेल. चालत नाही. दुसरा, रक्त प्यायचं टाळलं तर अंगातलं पिशाचपण आपोआप उतरेल. उलट रक्त न पिता राहिलं तर पात्र एकेक पायरी अधिकच पिशाच होत जातं आणि उन्हाचा त्रास वाढतो. मुदत टळल्यावर मुख्य वाट एकच उरते. मोर्थल गावातल्या फॅलियन नावाच्या जादूगाराकडे भरलेला ‘ब्लॅक सोल जेम’ घेऊन जायचं आणि पहाटे दगडांच्या रिंगणात विधी करून घ्यायचा. म्हणजे गेम बनवणाऱ्यांनी दोन उतारे ठेवले आहेत: वेळेत घेतला तर स्वस्त, उशिरा घेतला तर महाग. माझं म्हणणं या दुसऱ्या उताऱ्यापुरतं आहे. चाव्यातून जडणाऱ्या ज्या खऱ्या आजाराशी या पिशाचकथांचं नातं जोडलं जातं, त्यात पहिला उतारा आहे, दुसरा नाही. तरी बीड जिल्ह्यात काय किंवा अन्यत्र काय, बहुतेक गैरसमज दुसरा उतारा आहे असं गृहीत धरूनच उभे असतात.

तो आजार म्हणजे रेबीज. स्पॅनिश मेंदूविकारतज्ज्ञ हुआन गोमेझ-अलोन्सो यांनी 1998 साली ‘न्यूरॉलॉजी’ या नियतकालिकात मांडलं की युरोपातल्या पिशाचकथांमागे रेबीजचे रुग्ण असू शकतात. चाव्यातून पसरणं, रात्रीची तळमळ, अंगावर धावून जाणं, प्रखर उजेड आणि उग्र वास सहन न होणं, हे सगळं दोन्हीकडे आढळतं. पिशाचाला लसणाचा वास सोसत नाही ही समजूतही त्यांनी तिथेच जोडली. अठराव्या शतकात हंगेरीच्या बाजूला पिशाचांची आवई उठली, त्याच सुमारास तिथे रेबीजची साथ होती. यावर एक रास्त आक्षेप आहे: पिशाच थडग्यातून उठतं, रेबीजचा रोगी थडग्यात जातो. थडगं उकरल्यावर फुगलेलं प्रेत आणि तोंडाशी रक्तासारखा द्रव दिसला, यातून कथेचा मोठा भाग जन्मला असणार. मृतदेह कुजतो कसा हे ठाऊक नसलेल्यांना ते जिवंतपणाचं लक्षण वाटलं. हा आक्षेप मला मान्य आहे. कथेची सगळी मुळं रेबीजमध्ये नसतील. पण चावा, मग शांततेचा काळ, मग माणसाचं वेगळंच काहीतरी होणं, हा क्रम रेबीजचा आहे आणि गेममध्ये तो बराचसा उतरला आहे. कारण ठाऊक नसलं की हेतू चिकटवायची खोड मात्र युरोपापुरती नाही. डिसेंबर 2021 मध्ये माजलगाव तालुक्यातल्या लवूळ गावात वानरं कुत्र्यांची पिल्लं उचलून झाडांवर, छपरांवर नेत होती आणि पिल्लं वरून पडून मरत होती. वनखात्याच्या पथकाने दोन वानरं पकडली. तोवर ‘वानरांनी सूड म्हणून अडीचशे कुत्री मारली’ ही बातमी जगभर फिरून आली होती.

आता मुख्य गैरसमज. ‘काही झालं तर बघू, अजून तर चांगलाच आहे.’ चावा घेतलेला माणूस चांगला दिसतो, कारण विषाणू रक्तात फिरत नसतो. तो जखमेजवळच्या मज्जातंतूंत शिरून मेंदूकडे सरकत असतो. या काळात रक्त तपासून काही कळत नाही, तापही येत नाही. गेमने तीन दिवस दिले आहेत. खऱ्या आजारात हा अवधी बहुधा एक ते तीन महिन्यांचा असतो, क्वचित आठवड्याचा, क्वचित वर्षाहून जास्त. चेहऱ्यावर किंवा डोक्यावर चावा असेल तर मेंदू जवळ, म्हणून अवधी कमी. उंचीने लहान असलेल्या मुलांचं नेमकं हेच होतं. एकदा का पाण्याचा घोट घेताना घशाला आकडी आली, वाऱ्याच्या झुळकीने अंग दचकू लागलं, की औषधाची वेळ गेलेली असते. जगभरात लक्षणं सुरू झाल्यावर वाचलेली माणसं बोटांवर मोजावीत इतकी कमी. 2004 मध्ये अमेरिकेतल्या विस्कॉन्सिन राज्यात वटवाघूळ चावलेली 15 वर्षांची मुलगी औषधांनी बेशुद्ध ठेवून वाचवली गेली, तेव्हा उतारा सापडला असं वाटलं होतं. पुढे तीच पद्धत कितीतरी रुग्णांवर करून पाहिली, बहुतेक दगावले, आणि आता तज्ज्ञ तिची शिफारस करत नाहीत. फॅलियनचा पत्ता कुणालाच सापडलेला नाही.

मग देवर्षी, मांत्रिक, मुळी देणारे यांच्याकडे जाऊन ‘बरी झालेली’ माणसं कुठून येतात? आक्षेप खरा आहे, अशी माणसं प्रत्येक तालुक्यात भेटतील आणि ती खोटंही बोलत नसतील. कारण असं, की चावणारं प्रत्येक कुत्रं पिसाळलेलं नसतं. पिल्लांना जपणारी कुत्री चावते, शेपटीवर पाय पडला म्हणून चावते, गाडीमागे धावताना चावते. शिवाय पिसाळलेल्या कुत्र्याचा चावा झाला तरी प्रत्येकाला रोग होतोच असं नाही. लाळ किती आत गेली, कपड्यावरून दात लागले की उघड्या कातडीवर, यावर ते ठरतं. म्हणजे काहीही न करता वाचणारे पुष्कळ. त्या सगळ्यांचं श्रेय ज्याने गंडादोरा बांधला त्याला मिळतं. जो दगावतो तो दोन महिन्यांनी दगावतो, आणि तोवर चावा आणि मरण यांची गाठ घालायला कुणी बसत नाही. घातली तरी ‘पथ्य मोडलं’ हे उत्तर तयार असतं. महाराष्ट्राचा 2013 चा जादूटोणाविरोधी कायदा पुष्कळांना नरबळी, अघोरी पूजा यांच्यापुरता वाटतो. त्याच्या अनुसूचीत कुत्रा, साप किंवा विंचू चावलेल्याला वैद्यकीय उपचारापासून रोखून मंत्रतंत्र, गंडेदोरे करणं हाही स्वतंत्र गुन्हा आहे, आणि शिक्षा सहा महिन्यांपासून सात वर्षांपर्यंत आहे. कायद्याने फक्त उपचारापासून रोखणं हा गुन्हा ठरवला आहे, श्रद्धेवर हात घातलेला नाही. आधी दवाखाना करून मग कुणी अंगारा लावला, तर विषाणूला त्याने फरक पडत नाही.

जखमेवर तिखट भरणं, चुना लावणं, हळद दाबणं ही त्याच घराण्यातली. ‘जळजळलं म्हणजे विष मेलं’ असा त्यामागचा हिशेब. या विषाणूभोवती स्निग्ध पदार्थाचं आवरण असतं आणि ते साबणाने फाटतं. म्हणून वाहत्या पाण्याखाली साबण लावून पंधरा मिनिटं जखम धुणं हा घरात करता येणारा सगळ्यात मोठा उपाय. हापशावर, बोअरच्या नळीखाली, कुठेही. तिखटाने जखम चिघळते आणि धुवायचं राहून जातं. ‘पोटात चौदा इंजेक्शनं’ ही भीती एके काळी खोटी नव्हती. डेव्हिड सेंपल यांनी 1911 मध्ये कसौलीत तयार केलेली, मेंढीच्या मेंदूपासूनची लस तशीच पोटावर टोचत, आणि आपल्या देशात ती या शतकाच्या सुरुवातीपर्यंत चालू होती. आता सरकारी दवाखान्यात दंडाच्या कातडीत चार वेळा टोचतात: पहिल्या दिवशी, मग 3, 7 आणि 28 व्या दिवशी, दर वेळी दोन्ही दंडांवर थेंबभर. फुकट. रक्त निघालं असेल तर लसीच्या जोडीला सीरम जखमेतच भरावं लागतं, कारण लशीला काम सुरू करायला दिवस लागतात आणि सीरम तो मधला काळ सांभाळतं. इथेच लोक फसतात. ‘इंजेक्शन घेतलं’ एवढं समाधान पुरेसं वाटतं, सीरमचं कुणी विचारत नाही. प्राथमिक आरोग्य केंद्रात ते असेलच असं नाही, बीडचं जिल्हा रुग्णालय किंवा अंबाजोगाईचं स्वामी रामानंद तीर्थ वैद्यकीय महाविद्यालय गाठावं लागू शकतं.

दहा दिवसांचा नियमही उलटा लागलेला दिसतो. कुत्रं दहा दिवस बघा, मेलं तरच लस घ्या, असं सांगितलं जातं. खरं असं, की लस त्याच दिवशी सुरू करायची आणि कुत्रं दहा दिवसांनी धडधाकट असेल तर पुढचे डोस डॉक्टरांना विचारून थांबवायचे. पिसाळण्याच्या काही दिवस आधीपासूनच लाळेत विषाणू असतो, म्हणून ही मुदत. आणि ती फक्त कुत्र्या-मांजराला लागू, कोल्ह्याला किंवा माकडाला नाही. ‘आमच्या कुत्र्याला लस दिलीय’ हेही पुरेसं कारण नाही. गरोदर बाईने घेऊ नये, वांगं-मटण खाऊ नये, ही पथ्यं निराधार आहेत. पिसाळलेल्या म्हशीचं उकळलेलं दूध प्यायलं म्हणून गावच्या गाव रांगेत उभं राहतं, त्याचीही गरज नसते. खऱ्या चाव्याकडे काणाडोळा आणि उकळलेल्या दुधाला घाबरणं, हे उलटं गणित मला सगळ्यात जास्त खटकतं.

‘मग लोक अडाणी आहेत म्हणून मरतात’ असा निष्कर्ष यातून काढला तर तो आणखी एक गैरसमज ठरेल. देशात रेबीजने वर्षाला किती जातात याचे अंदाज 18 ते 20 हजारांपासून, आयसीएमआरच्या अलीकडच्या पाहणीतल्या सुमारे 5,700 पर्यंत आहेत. कुठलाही धरला तरी लस उपलब्ध असलेल्या आजारासाठी तो मोठाच. बीडमध्ये अडचण वेळापत्रकाची आहे. दसरा-दिवाळी झाली की धारूर, वडवणी, केज, पाटोदा, शिरूर कासार इकडची कुटुंबं ऊसतोडीला सांगली, कोल्हापूर, साताऱ्याकडे नाहीतर कर्नाटकात जातात. कोपीत, म्हणजे तात्पुरत्या झोपडीत झोपायचं, अंधार असताना उसाच्या फडात उतरायचं. उसात कोल्हा असतो, कोपीभोवती भटकी कुत्री. चावा तिथे झाला तर मुकादमाकडून उचल घेतलेल्या जोडीला एक खाडाही परवडत नाही, मजुरी बुडते आणि वर दंड. 28 व्या दिवसापर्यंत फड दुसऱ्या गावाला हललेला असतो. ‘डोस चुकला, आता पहिल्यापासून घ्यावं लागेल, तेव्हा राहू दे’ हा समज मग सोयीचा वाटतो. तोही चुकीचाच आहे. चुकलेला डोस जमेल तितक्या लवकर घेऊन पुढचे तिथूनच चालू ठेवतात, सुरुवात पुन्हा करत नाहीत. पहिला डोस केजला झाला असला तरी पुढचा कराडच्या सरकारी दवाखान्यात मिळतो. पहिल्या दिवसाचा कागद जपून न्यावा, आणि सीरम राहिलं असेल तर ते पहिल्या डोसपासून सात दिवसांच्या आत घेता येतं, त्यानंतर नाही.