पाव सेकंदात काय शिकवणार?

बेसबॉल हा आपल्याकडे फारसा न खेळला जाणारा खेळ. अमेरिकेत मात्र त्याचे व्यावसायिक संघ शंभराहून अधिक वर्षे खेळत आहेत, आणि आज प्रत्येक मोठ्या संघाकडे केवळ फलंदाजी शिकवणारे पगारी प्रशिक्षक असतात. त्यांचे विद्यार्थी नवशिके नसतात, देशातले निवडक फलंदाज असतात. मग त्यांना शिकवायचे तरी काय? हा प्रश्न खेळाइतकाच भौतिकशास्त्राचा आहे, शरीरशास्त्राचा आहे आणि आम्हाला वाटते, शिक्षकांचाही आहे.

वेळेचा हिशेब

बेसबॉलमध्ये चेंडू फेकणाऱ्याला पिचर म्हणतात. तो फलंदाजापासून १८.४४ मीटर अंतरावर उभा राहतो, पण पाऊल पुढे टाकून चेंडू सोडत असल्याने चेंडूचा खरा प्रवास सुमारे १७ मीटरचा होतो. क्रिकेटप्रमाणे चेंडू टप्पा घेत नाही. ताशी १४५ कि.मी. म्हणजे सेकंदाला सुमारे ४० मीटर वेगाने फेकलेला चेंडू साधारण ०.४ सेकंदात फलंदाजापाशी पोहोचतो. बॅट फिरवायला सुमारे ०.१५ सेकंद लागतो. म्हणजे चेंडू पाहणे, तो कुठे येणार हे ओळखणे आणि मारायचा की सोडायचा हे ठरवणे, या सगळ्यासाठी उरतो फक्त पाव सेकंद!

हा पाव सेकंद किती लहान आहे, हे वर्गातच अजमावता येईल. एका विद्यार्थ्याने ३० सें.मी.ची पट्टी वरच्या टोकाला धरून उभी लोंबती ठेवावी. दुसऱ्याने शून्याच्या खुणेपाशी अंगठा व तर्जनी उघडी ठेवावी. पहिल्याने न सांगता पट्टी सोडायची, दुसऱ्याने ती चिमटीत पकडायची. पट्टी किती सें.मी. खाली आली ते पाहून 'अंतर = ½ × गुरुत्वत्वरण × वेळ²' या सूत्राने वेळ काढावी. २० सें.मी. अंतर आले, तर वेळ ०.२ सेकंद. तेवढ्यात बेसबॉलचा चेंडू ८ मीटर, म्हणजे जवळजवळ निम्मी वाट कापतो. शिवाय इथे विद्यार्थ्याला निवड करायची नसते; फलंदाजाला ती करावीच लागते.

'चेंडूवरून नजर हलवू नकोस' हा सल्लाही तपासून पाहण्यासारखा आहे. टेरी बाहिल आणि टॉम लारिट्झ या संशोधकांनी १९८४ साली दाखवले, की चेंडू बॅटला लागेपर्यंत त्याच्यावर नजर ठेवणे कोणालाच शक्य नाही. चेंडू फार जवळ आला, की तो दृष्टीसमोरून सेकंदाला हजार अंशांपेक्षाही अधिक गतीने सरकतो. डोळा सलगपणे साधारण शंभर अंशांच्या गतीचाच पाठलाग करू शकतो. शेवटचे दीड-दोन मीटर फलंदाज अंदाजानेच खेळतो. तरीही हा सल्ला निरुपयोगी नाही. तो पाळायचा प्रयत्न करताना फलंदाजाचे डोके स्थिर राहते आणि सुरुवातीचा, महत्त्वाचा भाग नीट दिसतो.

मध्यम खेळाडू, मोठा शिक्षक

चार्ली लाउ (१९३३–१९८४) हा प्रशिक्षकांमधला एक गाजलेला माणूस. खेळाडू म्हणून तो मध्यमच. बेसबॉलमध्ये फलंदाजाची सरासरी म्हणजे यशस्वी फटके भागिले संधी. दहा संधींत तीन यशस्वी फटके, म्हणजे ०.३००, ही उत्तम कामगिरी समजतात. लाउची कारकिर्दीची सरासरी होती ०.२५५. १९६२ साली मात्र उभे राहण्याची पद्धत बदलून त्याने ०.२९४ गाठली.

प्रशिक्षक म्हणून तो १९६९ ते १९८३ या काळात पाच संघांकडे होता. त्यांपैकी कॅन्सस सिटी रॉयल्सकडचा १९७० च्या दशकातला काळ सर्वांत महत्त्वाचा. त्या पाव सेकंदात काही शिकवता येत नाही, त्याच्या आधी येते, हे त्याच्या शिकवणीवरून दिसते. उभे राहताना तोल सांभाळणे, अंगात ताण न ठेवणे, शरीराचा भार मागच्या पायावरून पुढच्या पायावर नेणे, डोके खाली व स्थिर ठेवणे, आणि पुढचा पाय जमिनीवर टेकेल तेव्हा बॅट फटक्याच्या तयारीत असणे, हे त्याचे नियम होते. शेवटचा नियम पाहा. तयारी आधीच झाल्यामुळे ०.०२ सेकंद वाचला, तरी चेंडू आणखी ०.८ मीटर जवळ येईपर्यंत पाहता येतो.

१९७४ साली जॉर्ज ब्रेट हा तरुण खेळाडू मोसमाच्या सुरुवातीला चाचपडत होता. लाउने त्याच्यावर मेहनत घेतली आणि मोसमाअखेर त्याची सरासरी ०.२८२ झाली. १९७६ साली ०.३३३ सरासरीने तो अमेरिकन लीगमध्ये पहिला आला. १९८० साली त्याने ०.३९० ही विलक्षण सरासरी गाठली, तेव्हा लाउ रॉयल्स सोडून न्यूयॉर्क यँकीजकडे गेलेला होता.

श्रेय कोणाचे?

लाउची पद्धत सर्वांना मान्य नव्हती. १९४१ साली ०.४०६ सरासरी गाठणारा टेड विल्यम्स कंबरेच्या फिरण्यावर आणि बॅट किंचित वर नेण्यावर भर देई. चेंडू खाली उतरत येतो, म्हणून बॅटही त्याच रेषेत यावी, हे त्याचे कारण. लाउमुळे फलंदाज दूरचे फटके मारेनासे होतात, अशीही टीका झाली. २०१५ पासून मोठ्या मैदानांवर फटक्याचा वेग व कोन मोजणारी यंत्रणा आली आणि विल्यम्सच्या म्हणण्याला बळ मिळाले. लाउचे तोल आणि तयारीचे धडे मात्र टिकून आहेत.

प्रशिक्षकाचा उपयोग झाला की नाही, हे ठरवणे सोपे नाही. ०.२५० आणि ०.३०० यांत फरक वीस संधींमागे फक्त एका फटक्याचा. ०.२५० क्षमतेच्या फलंदाजाला शंभर संधी दिल्या, तर यशस्वी फटके २५ च्या आसपास, पण निव्वळ योगायोगाने चार-पाचने कमीजास्त येऊ शकतात. म्हणजे महिनाभरात दिसलेली 'सुधारणा' नशिबाचाही भाग असेल. पाचशे संधींमध्ये १२५ ऐवजी १५० फटके आले, तर ते योगायोगावर ढकलणे कठीण. नोकरी मात्र बऱ्याचदा एका मोसमाच्या निकालावर ठरते.

आता या पेशात येण्याची वाटही रुंदावली आहे. २०१९ साली यँकीजने रेचेल बाल्कोवेक या महिलेची आपल्या दुय्यम संघांसाठी फलंदाजी प्रशिक्षक म्हणून नेमणूक केली. मानवी हालचालींच्या शास्त्राचे शिक्षण घेतलेल्या बाल्कोवेक यांनी फलंदाजांच्या नजरेचा अभ्यास केला होता.

पट्टीचा प्रयोग करताना प्रत्येक विद्यार्थ्याला निदान दहा संधी द्याव्यात. पहिल्या पाचांची आणि नंतरच्या पाचांची सरासरी वेगवेगळी काढावी. फरक पडला, तर तो सरावाचा की योगायोगाचा, आणि हे ठरवायला आणखी किती संधी लागतील, यावर वर्गात चर्चा घडवून आणावी. एका चाचणीच्या गुणांवरून आपण विद्यार्थ्याची प्रगती ठरवतो, तेव्हाही हाच प्रश्न आपल्यापुढे असतो.