ढालकिड्याच्या पंखांखालचा कोळी

मावा फस्त करणारा ढालकिडा आपल्या शेतकऱ्यांच्या ओळखीचा मित्रकीटक. युरोप-अमेरिकेतल्या त्याच्या भाऊबंदांच्या पाठीवर, कडक पंखांच्या आतल्या बाजूला, ‘कॉक्सिपोलिपस हिप्पोडॅमी’ नावाचा सूक्ष्म कोळी राहतो.

भुंगेऱ्याच्या अंगावर कोळी दिसला की तो रक्तच पीत असणार, हा पहिला गैरसमज. मेलेले उंदीर-पक्षी जमिनीत पुरणाऱ्या भुंगेऱ्यांवरचे कोळी नुसते प्रवासी असतात; मढ्यापाशी उतरून ते माश्यांची अंडी खातात. ढालकिड्यावरचा हा कोळी मात्र खरा परजीवी. त्याची मादी पंखाच्या आतल्या बाजूला तोंड रुतवून शरीरद्रव शोषते आणि तिथेच अंडी घालते.

परजीवी म्हटला की यजमान लवकरच मरणार, असंही वाटतं. इथे तसं होत नाही, कारण कोळ्याची पिल्लं एका ढालकिड्यावरून दुसऱ्यावर जातात ती मीलनाच्या वेळी. हे मीलन कित्येक तास चालतं, तेवढ्यात पिल्लं पलीकडे सरकतात. लैंगिक संबंधांतून पसरणारे रोग फक्त माणसांत असतात, हा समज इथेच गळून पडतो. यजमान जगला, फिरला, जोडीदार शोधत राहिला, तरच कोळ्याची पुढची पिढी तरते. बाधित मादी म्हणूनच खाते-पिते, मीलन करते, अंडीही घालते. पण साधारण तीन आठवड्यांत तिची अंडी उबेनाशी होतात. माझ्या मते या कोळ्याची सर्वांत विलक्षण गोष्ट हीच: त्याचं नुकसान बाहेरून दिसतच नाही.

ढालकिड्याच्या अळ्या मीलन करत नसल्याने नवी पिढी निरोगी निघते. जुने आणि नवे प्रौढ एकाच काळात एकत्र आले, तरच साखळी टिकते.

आजारी जोडीदार ढालकिडे टाळत असतील? पोलंडमधल्या दोन ठिपक्यांच्या ढालकिड्यांवरचा अभ्यास 2002 मध्ये प्रसिद्ध झाला. त्यात असं टाळणं आढळलं नाही.

पूर्व आशियातून माव्याच्या बंदोबस्तासाठी नेलेला हार्लेक्विन ढालकिडा युरोपात डोईजड झाला आहे. हा कोळी त्याच्यावरही जगतो, म्हणून त्याला आवरायला कोळी मुद्दाम सोडावा, असं सुचवणं सोपं आहे. पण तोच कोळी स्थानिक दोन ठिपक्यांच्या ढालकिड्याचीही अंडी निकामी करतो, आणि हार्लेक्विनच्या आगमनानंतर ब्रिटन व बेल्जियममध्ये या स्थानिक ढालकिड्याची संख्या आधीच घटलेली आहे.