मुंबईचं घड्याळ ३९ मिनिटं मागे होतं, तेव्हाची गोष्ट

आज सुरुवातीलाच एक छोटंसं काम देतो. फोनची स्क्रीन बघा. किती वाजलेत? आता तुम्ही मुंबईत असाल तर त्यातून ३९ मिनिटं वजा करा. पुण्यात असाल तर ३५, कोल्हापुरात ३३ आणि नागपुरात फक्त १४. जे उत्तर आलं, ती तुमच्या गावाची स्वतःची वेळ. एकेकाळी लोक त्याच वेळेवर उठायचे, कामाला जायचे, जेवायचे. आणि ही वेळ सरकार काढून घेतंय म्हटल्यावर मुंबईत चक्क दगडफेक झाली होती!

आधी गणित समजून घेऊ, सोपं आहे. पृथ्वी २४ तासांत ३६० अंश फिरते, म्हणजे एक अंश फिरायला चार मिनिटं. सूर्य पूर्वेकडच्या गावाला आधी डोक्यावर येतो, पश्चिमेकडच्या गावाला नंतर. नागपूर मुंबईच्या सव्वासहा अंश पूर्वेला आहे, म्हणून नागपूरची दुपार मुंबईच्या २५ मिनिटं आधी होते. घरातलं पंचांग उघडून बघा, त्यात वेगवेगळ्या शहरांच्या सूर्योदयाच्या वेळा वेगळ्या दिलेल्या असतात. ते याचसाठी.

बैलगाडीच्या जमान्यात या फरकाचा कुणालाच त्रास नव्हता. गोंधळ सुरू झाला तो रेल्वे आल्यावर. कलकत्त्याचं घड्याळ मुंबईच्या तासाभराहून जास्त पुढे. मग वेळापत्रक छापायचं कुठल्या वेळेने? रेल्वेने मधला मार्ग काढला आणि मद्रासची वेळ धरली. मद्रासला वेधशाळा होती आणि तिथून तारेने देशभर वेळ कळवता येत होती. पण मद्रासची वेळ मुंबईच्या अर्धा तास पुढे. म्हणजे घरच्या घड्याळात साडेआठ झाले, की स्टेशनवर नऊ वाजलेले असायचे. गाडी चुकली तर दोष कुणाला द्यायचा?

१८८१ साली गव्हर्नर जेम्स फर्ग्युसन यांनी अख्ख्या मुंबईवरच मद्रासची वेळ लादायचा प्रयत्न केला. लोक भडकले. नुकताच बांधून झालेला राजाबाई टॉवर या भांडणात सापडला. विद्यापीठ म्हणालं, आमचं घड्याळ मुंबईचीच वेळ दाखवणार. सरकार म्हणालं, मग रात्री तबकडीवर दिवे लावायचा खर्च आम्ही देणार नाही! शेवटी माघार सरकारलाच घ्यावी लागली.

पण खरी ठिणगी पडली ती १९०६मध्ये. त्या वर्षी १ जानेवारीपासून भारतीय प्रमाणवेळ सुरू झाली. उत्तर प्रदेशात मिर्झापूरजवळून जाणारं साडेब्याऐंशी अंश रेखावृत्त धरून ग्रिनिचच्या साडेपाच तास पुढची एकच वेळ ठरवली गेली. हीच वेळ आज तुमच्या फोनवर आहे.

आता जरा गिरणी कामगाराच्या जागी उभे राहा. भोंगा सकाळी सहाला वाजतो. काल सहा म्हणजे खरंच सहा होते. आज घड्याळ ३९ मिनिटं पुढे ढकललंय, भोंगा मात्र ‘सहालाच’ वाजतोय. म्हणजे सूर्याच्या हिशेबाने तुम्ही पाच वाजून एकवीस मिनिटांनी गिरणीच्या दारात! बाहेर थंडीतला अंधार, झोप अर्धवट. त्याच सुमारास गिरण्यांत विजेचे दिवे येत होते आणि दिव्यांच्या जोरावर कामाचे तास लांबवले जात होते. त्यामुळे घड्याळातल्या या बदलाकडे कामगार संशयाने बघणारच. जानेवारी १९०६मध्ये हजारो कामगारांनी काम थांबवलं, गिरणीवर दगड मारले. शहरात निषेधाच्या अर्जावर १५ हजारांहून जास्त सह्या झाल्या. बंगालच्या फाळणीला तेव्हा जेमतेम तीन महिने झाले होते. सरकार जे करील ते आपल्या भल्याचं असेल, यावर विश्वास उरला नव्हता.

पुढची गंमत तर अजून भारी आहे. मुंबई महापालिकेने त्याच वर्षी ठरवलं, की आपण ‘मुंबई टाइम’च पाळायचा. आणि तो पाळलाही! म्हणजे बोरीबंदरला रेल्वेच्या घड्याळात एक वेळ आणि जवळच्याच क्रॉफर्ड मार्केटच्या घड्याळात ३९ मिनिटं मागची दुसरी. भेटायचं ठरवताना ‘पाच वाजता’ एवढं सांगून भागायचं नाही, ‘कुठले पाच?’ हे विचारावं लागायचं. हा दुहेरी कारभार स्वातंत्र्यानंतरही काही वर्षं चालला.

तुम्ही म्हणाल, झालं ते झालं, आता त्याचं काय? तर मंडळी, हाच वाद आजही चालू आहे, फक्त देशाच्या दुसऱ्या टोकाला.

अरुणाचलच्या पूर्व टोकाला जूनमध्ये पहाटे सव्वाचारच्या सुमारास सूर्य उगवतो आणि डिसेंबरमध्ये संध्याकाळी साडेचारच्या आतच मावळतो. मुंबईत डिसेंबरमध्येही सहापर्यंत ऊन असतं. घड्याळ मात्र दोघांचं एकच. तिकडे ऑफिस उघडेपर्यंत अर्धी सकाळ सरलेली असते आणि सुटायच्या आधी दिवे लावावे लागतात. आसामच्या चहामळ्यांनी यावर ब्रिटिश काळापासून आपला तोडगा काढलाय. त्याला म्हणतात ‘बागान टाइम’. मळ्यातलं घड्याळ प्रमाणवेळेच्या एक तास पुढे!

२०१८मध्ये दिल्लीच्या राष्ट्रीय भौतिक प्रयोगशाळेतल्या शास्त्रज्ञांनी देशात दोन प्रमाणवेळा ठेवता येतील, असा प्रस्ताव मांडला. देशाची अधिकृत वेळ अणुघड्याळांवर मोजणारी संस्था हीच, त्यामुळे त्यांच्या शब्दाला वजन होतं. आसाम आणि पश्चिम बंगालच्या सीमेवर वेळ बदलायची, तिथली पट्टी अरुंद आहे, स्टेशनं मोजकीच आहेत, असं त्यांनी सुचवलं. सरकारने ते मान्य केलं नाही. रेल्वेच्या घड्याळांत घोळ झाला तर अपघात होईल, ही भीती यामागचं एक कारण. उलट जानेवारी २०२५मध्ये नियमांचा जो मसुदा आला, तो देशभर व्यापार, बँका, वाहतूक आणि सरकारी कामकाजात भारतीय प्रमाणवेळच सक्तीची करण्याचा आहे.

दोन्ही बाजूंत तथ्य आहे. एकच वेळ असली की गाड्या, बँका, परीक्षा सगळं सुरळीत चालतं. पण त्या सोयीची किंमत सगळे सारखी मोजत नाहीत. १९०६मध्ये ती परळ-लालबागच्या कामगाराने अंधारात उठून मोजली, आज ईशान्येकडची मुलं उजेड वाया घालवून मोजतायत. घड्याळात किती वाजले हे माणसं ठरवतात, त्यामुळे ते कुणाच्या सोयीने ठरलं हे विचारायचा हक्क प्रत्येकाला आहे.

जाता जाता गृहपाठ. सुट्टीच्या दिवशी बारा ते एकच्या दरम्यान गच्चीवर एक काठी सरळ उभी करा आणि दर पाच मिनिटांनी सावलीच्या टोकाला खडूने खूण करा. सावली सर्वांत आखूड होईल तो तुमच्या गावाचा खरा मध्यान्ह. मुंबईत तो सरासरी १२ वाजून ३९ मिनिटांनी येतो. पण पृथ्वीची कक्षा लंबगोल आणि आस कललेला असल्याने तो नोव्हेंबरच्या सुरुवातीला १२:२२च्या, तर फेब्रुवारीत १२:५३च्या आसपास सरकतो. तुमच्याकडे किती आला, ते गावाच्या नावासकट नक्की कळवा.

उद्या भेटूच, नेहमीच्या वेळेला. आता तुम्ही विचारालच, कुठल्या वेळेला? फोनवरच्याच, बाबांनो!