उत्सव कोणाचा?

प्राचीन भारतात कामभावना मोकळी होती, पुढे इंग्रजी अमलातल्या नीतिकल्पनांनी ती दडपली, असे आपल्याकडे वारंवार सांगितले जाते. गिरीश कर्नाडांचा ‘उत्सव’ (१९८४) याच समजुतीच्या आधाराने उभा आहे. शूद्रकाच्या ‘मृच्छकटिका’वरून घेतलेल्या या चित्रपटात वात्स्यायन हे एक पात्रच आहे. अमजद खानचा हा वात्स्यायन गणिकागृहात डोकावत आपल्या ग्रंथाची सामग्री जमवतो. विनोद चांगला आहे, रेखाची वसंतसेना देखणी आहे. माझा आक्षेप शृंगाराला नाही. सोवळ्या नीतिमार्तंडांच्या पंगतीला मी बसणार नाही. पण हा उत्सव कोणाचा, हे विचारलेच पाहिजे.

उत्तर खुद्द वात्स्यायनाने दिले आहे. कामसूत्राच्या पाचव्या अधिकरणाचा पाचवा अध्याय उघडून पाहावा. गावचा तरुण अधिपती, सरकारी अधिकारी यांना गावातल्या बाया नुसत्या शब्दाने साध्य होतात, असे तो लिहितो. केव्हा? वेठीची कामे करताना, कोठारात धान्य भरताना, घर साफ करताना, शेतात राबताना, कापूस-लोकर घेता-देताना. ‘विष्टी’ हा त्याचा शब्द, म्हणजे आपली वेठच. नवविवाहितेचा विश्वास कसा संपादन करावा यासाठी वेगळे प्रकरण लिहिणारा हा ग्रंथकार वेठीच्या बाईसाठी एक शब्द पुरेसा मानतो. हुकूम मोडला तर तिच्या घरच्या चुलीचे काय होणार, हे त्याला लिहावेसे वाटले नाही. पहिल्या अधिकरणात तर तो सांगूनच टाकतो की, खालच्या वर्णातल्या स्त्रीशी संबंध विहित नाही आणि निषिद्धही नाही, कारण तो केवळ सुखासाठी असतो. (त्यातही बहिष्कृत जाती वगळलेल्या!)

पडद्यावरचा वात्स्यायन त्या कोठाराकडे फिरकत नाही. मीरा नायर यांच्या ‘कामसूत्र’ (१९९६) मध्ये दासी माया नायिका झाली खरी. पण राजकन्येचे उतरलेले कपडे घालून वाढलेल्या त्या मुलीची चीड अखेर प्रणयकथेतच विरते.

त्या मानाने जुने नाटक अधिक उघडे बोलते. दहाव्या अंकात चारुदत्ताला वधस्थळी नेणारे दोन चांडाळ, सज्जनाला छळणारेच खरे चांडाळ, असे सुनावतात. वार करण्याची घाई करत नाहीत. पुढे राज्य पालटते. वसंतसेनेला ‘वधू’पद मिळते, भिक्षूला सर्व विहारांचे प्रमुखपद मिळते. आणि त्या दोघांना? सर्व चांडाळांचे अधिपतिपद.