न्यूटांच्या हाती सुरे कोणी दिले?

बिघडलेल्या भविष्याच्या कादंबऱ्यांना आता आपल्याकडेही सरसकट ‘डिस्टोपियन’ म्हटले जाते. त्यांचा विषय निघाला की पहिले नाव येते जॉर्ज ऑर्वेलच्या ‘नाइन्टीन एटी-फोर’चे, दुसरे ऑल्डस हक्सलेच्या ‘ब्रेव्ह न्यू वर्ल्ड’चे, आणि यादी तिथेच संपते. दोन्ही मोठी पुस्तके आहेत, वादच नाही. पण गेली वीसेक वर्षे या प्रकारची पुस्तके मिळतील तशी वाचत आल्यावर एक गोष्ट मला खटकू लागली. या दोन्ही कादंबऱ्या सुरू होतात तेव्हा सारे घडून गेलेले असते. दार केव्हाच बंद झालेले असते आणि आपण आतल्या कैद्याची तडफड पाहतो. दार बंद होत असताना बाहेर काय चालले होते, कोण हसत होते, कोण हिशेब मांडत होते, याची थोडीफार माहिती त्यांत मिळते. ते चित्र मात्र दिसत नाही. ते दाखवणाऱ्या कादंबऱ्या वेगळ्या आहेत आणि त्या बहुधा विनोदी आहेत.

ऑर्वेलच्या आधीचा पूर्वज आधी पाहू. येवगेनी झाम्यातिन हा रशियन लेखक पेशाने जहाजबांधणीचा अभियंता. पहिल्या महायुद्धाच्या काळात तो इंग्लंडमध्ये रशियासाठी बांधल्या जाणाऱ्या बर्फफोड्या जहाजांवर देखरेख करत होता. परतल्यावर 1920-21च्या सुमारास त्याने ‘वुई’ (आम्ही) लिहिली. तिच्यातली माणसे काचेच्या घरांत राहतात, त्यांना नावांऐवजी क्रमांक असतात आणि पडदा ओढायचा तर गुलाबी कुपन लागते. शेवटी सरकार एक शस्त्रक्रिया शोधून काढते, माणसाची कल्पनाशक्तीच काढून टाकणारी. हे पुस्तक 1924मध्ये न्यूयॉर्कला इंग्रजीत छापले गेले. खुद्द सोव्हिएत संघात ते यायला 1988 साल उजाडले. झाम्यातिनने 1931मध्ये थेट स्टालिनला पत्र लिहून देश सोडण्याची परवानगी मागितली, ती मिळाली, आणि 1937मध्ये तो पॅरिसमध्ये वारला. ऑर्वेलने 1946मध्ये या पुस्तकावर लेख लिहिला होता, तेव्हा नाते उघड आहे. तरी ‘वुई’सुद्धा दार बंद झाल्यानंतरचीच गोष्ट.

दार बंद होताना पाहायचे असेल तर कारेल चापेककडे जावे लागते. या चेक लेखकाची ओळख आपल्याला एका शब्दामुळे असते. त्याच्या ‘आर.यू.आर.’ या 1920च्या नाटकातून ‘रोबोट’ हा शब्द जगभर गेला. शब्द सुचवला त्याच्या चित्रकार भावाने, योसेफने. मूळ चेक ‘रोबोता’ म्हणजे जमीनदाराकडे सक्तीने करायचे काम. आपण त्याला ‘यंत्रमानव’ म्हणतो आणि त्यात मूळ अर्थाची सगळी धार जाते. वास्तविक मराठीत त्याला नेमका शब्द होता, वेठ. ‘वेठबिगार’ म्हटले असते तर नाटक कशाबद्दल आहे हे नावावरूनच कळले असते!

चापेकची ‘वॉर विथ द न्यूट्स’ 1936ची. न्यूट हा पालीसारखा दिसणारा, पाण्यात आणि पाण्याबाहेरही राहणारा छोटा प्राणी. कादंबरीतले न्यूट मात्र मोठे आहेत, दोन पायांवर उभे राहतात आणि शिकवले तर बोलतात. सुमात्राजवळच्या एका बेटापाशी व्हान टोक नावाच्या म्हाताऱ्या कप्तानाला ते सापडतात. शार्क त्यांना खातात याची त्याला कणव येते. तो त्यांना शार्कशी लढायला सुरे देतो आणि ते त्याला समुद्रतळाचे मोती आणून देतात. विनाशाची सुरुवात एवढीच. तिच्यात दुष्ट कोणी नाही. कप्तान तर पुस्तकातला सर्वांत प्रेमळ माणूस आहे.

पुढे कप्तान मरतो, मोत्यांचा भाव पडतो आणि बाँडी नावाचा उद्योगपती नफ्याचा नवा मार्ग मांडतो. मोती सोडा, न्यूटच विका. बंदरे, धरणे, भराव, पाण्याखालची सारी कामे त्यांच्याकडून करून घ्या. मग न्यूटांचा बाजार भरतो. मुकादमी करणारे, अवजड कामाचे, टोळीने राबणारे, किरकोळ कामाचे, टाकाऊ, आणि पैदाशीसाठी पिल्ले अशी प्रतवारी होते. हा भाग चापेकने बाजारभावाच्या बातमीच्या कोरड्या भाषेत लिहिला आहे. वाचताना आधी हसू येते आणि मग आपण कशाला हसलो हे लक्षात येते. गुलामांच्या व्यापाराची सारी भाषा इथे जशीच्या तशी आहे.

एक प्रसंग मी अनेकांना सांगितला आहे. लंडनच्या प्राणिसंग्रहालयातला एक न्यूट रखवालदाराकडून बोलायला आणि वर्तमानपत्र वाचायला शिकतो. विद्वानांची समिती त्याची परीक्षा घेते. तो जाहिरातीतली वाक्ये आणि पेपरातली मते घडाघडा बोलून दाखवतो. समितीचा निष्कर्ष असा, की याच्या बुद्धीचे फार कौतुक नको, कारण ती आजच्या सामान्य माणसाच्या बुद्धीपेक्षा कुठेच जास्त नाही.

मग प्रत्येक देश आपापल्या किनाऱ्याच्या रक्षणासाठी आपापल्या न्यूटांना शस्त्रे देतो. जर्मन संशोधकांना आपला न्यूट वंशाने श्रेष्ठ असल्याचा शोध लागतो (साल 1936 आहे, हे विसरू नये). न्यूटांची संख्या अफाट वाढते. त्यांना उथळ पाणी हवे, म्हणजे किनारे हवेत, म्हणजे खंडच फोडायला हवेत. युद्ध पेटल्यावरही त्यांना स्फोटके पुरवणारे कारखाने चालू राहतात. वाटाघाटीत न्यूटांची बाजू मांडायला माणसांतलेच वकील येतात. आणि न्यूटांचा सर्वोच्च नेताही मुळात माणूसच, पहिल्या महायुद्धात लढलेला एक सैनिक, असे शेवटी कानावर येते.

या सगळ्यात पोवोंद्रा नावाचा एक साधा माणूस आहे, बाँडीचा द्वारपाल. कप्तानाला आत सोडायचे की नाही, हे त्या दिवशी त्याच्या हातात होते, त्याने सोडले. त्या अभिमानाने तो आयुष्यभर न्यूटांविषयीची कात्रणे जमवतो, आणि म्हातारपणी तोच अभिमान त्याच्या गळ्यात धोंड्यासारखा अडकतो. प्रागच्या नदीत त्याला न्यूटाचे डोके दिसते ते पान मला ऑर्वेलच्या छळघरापेक्षा जास्त भेडसावते. छळ करणाऱ्याच्या जागी मी स्वतःला पाहू शकत नाही. दार उघडणाऱ्याच्या जागी सहज पाहू शकतो.

अशा गोष्टीला विनोदच का लागतो? माझ्या मते, घडत असलेला विनाश वेगवेगळ्या तुकड्यांत पाहिला तर हास्यास्पदच दिसतो. समितीचा अहवाल, शेअर बाजाराची टिपणी, परिषदेचा ठराव, यातले काहीच सुटेपणी भयानक नसते.

याच कुळातली अमेरिकन कादंबरी म्हणजे फ्रेडरिक पोल आणि सी. एम. कॉर्नब्लुथ यांची ‘द स्पेस मर्चंट्स’ (1953). पोलने स्वतः जाहिरात क्षेत्रात काम केले होते, ते पानोपानी जाणवते. इथे जगावर जाहिरात कंपन्यांचे राज्य आहे आणि नायक शुक्र ग्रहावरचे असह्य जीवन लोकांच्या गळी उतरवणारा नामांकित जाहिरातलेखक. एक खाऊ खाल्ला की एका पेयाची तलफ येते, पेयाने सिगारेटची, सिगारेटने पुन्हा त्याच खाऊची. कथानक शेवटी घाईत उरकले आहे, पण या चक्राची कल्पना एकटीच पुस्तकाचे मोल वसूल करते. पोलंडच्या स्टानिस्लाव लेमची ‘द फ्युचरॉलॉजिकल काँग्रेस’ (1971) याहून छोटी आणि अधिक चक्रम. हवेतल्या औषधांमुळे उपाशी माणसांना मेजवानीचा भास होतो, आणि धापा टाकत धावणाऱ्यांना आपण मोटारीत बसलो आहोत असे वाटते.

चापेक 25 डिसेंबर 1938ला आजाराने वारला. पुढच्या मार्चमध्ये नाझी फौजा प्रागमध्ये शिरल्या आणि त्याला पकडायला घरी आल्या. तो आधीच गेल्याचे त्यांना माहीत नव्हते. योसेफला मात्र त्यांनी नेले. 1945मध्ये बेर्गेन-बेल्सेनच्या छळछावणीत त्याचा अंत झाला.

वाचायला घेणाऱ्यांसाठी एवढेच, की न्यूटांच्या कादंबरीचा मधला भाग कात्रणांनी आणि लांबलचक तळटिपांनी भरलेला आहे. कंटाळून त्या गाळू नयेत. अर्धे पुस्तक तिथेच आहे. इंग्रजीत इव्हाल्ड ओसर्सचा 1985चा अनुवाद मिळाला तर तो घ्यावा.