खेळांतील ऋतु लांबतो कां?

पाऊस उशिरां आला किंवा थंडी रेंगाळली, तर शेतकरी आभाळाकडे पाहतो. दोष कोणाला द्यावयाचा, हा प्रश्न उद्भवत नाहीं. ऋतूंचा कारभार सूर्य आणि पृथ्वी यांच्या हातीं आहे. परंतु आज घरोघरचीं मुलें संगणकावर अथवा मोबाईलवर जे खेळ देशोदेशींच्या खेळाडूंबरोबर एकाच वेळीं खेळतात, त्या खेळांनाही ‘सीझन’ म्हणजे ऋतु असतात, आणि तेही वारंवार लांबतात. हे ऋतु तर माणसांनींच आंखलेले. मग ते ठरल्या दिवशीं कां संपत नाहींत? हा प्रश्न मुलांना पडतो, आणि ज्यांच्या खिशांतून पैसे जातात त्या वडील माणसांनाही पडतो.

प्रथम हा ऋतु म्हणजे काय तें पाहिलें पाहिजे. पूर्वी खेळ पुस्तकाप्रमाणें एकदां पुरा करून विकला जाई. आतां तो नियतकालिकासारखा चालतो. अमेरिकेंतील उत्तर कॅरोलिना राज्यांत कॅरी नांवाचें गांव आहे. तेथील एपिक गेम्स या कंपनीचा ‘फोर्टनाइट’ हा खेळ याचें उत्तम उदाहरण होय. २०१७ सालीं सुरू झालेल्या त्याच्या लढाईंत प्रवेश विनामूल्य आहे. उत्पन्न होतें तें पोषाख आणि ‘बॅटल पास’ यांच्या विक्रीवर. २०२० सालीं हा पास खेळांतीलच ९५० नाण्यांना मिळे. त्याच्या शंभर पायऱ्या असत. जसजसें खेळावें तसतशी एकेक पायरी चढावी आणि बक्षीस घ्यावें. ऋतु संपला कीं उरलेल्या पायऱ्यांवरचीं बक्षिसें गेलीं. साधारण दहा आठवड्यांनीं ऋतु पालटे, नकाशांत फेरफार होत आणि नवा पास विक्रीस येई. म्हणजे शेवटची तारीख ही खेळाडूची मुदत खरी. पण त्याच दिवशीं पुढचा ऋतु हजर करावयाचा, ही करणारांचीही मुदत असते.

लांबणीचें मुख्य कारण येथेंच सांपडतें. नाटक मंडळीच्या नव्या नाटकाच्या तालमी पुऱ्या झाल्या नसतील, तर जुन्याच नाटकाचे प्रयोग चालू ठेवावे लागतात. थिएटरला कुलूप लावलें तर प्रेक्षक दुसऱ्या दाराशीं जातो. खेळाचेंही तसेंच आहे. चित्रकार, लेखक, ध्वनिकार, आज्ञावली लिहिणारे आणि चुका शोधणारे यांचें काम एकत्र जुळावें लागतें. त्यानंतर सोनी, मायक्रोसॉफ्ट यांसारख्या ज्या कंपन्यांच्या यंत्रांवर खेळ चालतो, त्यांच्या तपासणींतूनही तो उतरावा लागतो. एका ठिकाणीं गांठ बसली तरी सर्वच काम अडतें.

फोर्टनाइटच्या दुसऱ्या खंडाचा पहिला ऋतु १५ ऑक्टोबर २०१९ रोजीं सुरू झाला. तो डिसेंबरांत संपावयाचा, तो २० फेब्रुवारी २०२० पर्यंत चालला. या वाढीव काळाच्या अखेरीस, वस्तु पडणें, फुटणें, आदळणें यांचें गणित करणारी खेळाची मूळ यंत्रणाच बदलण्यांत आली. घरांत राहून पाया बदलण्याइतकें हें नाजूक काम! मायक्रोसॉफ्टच्या ‘हेलो इन्फिनिट’ या खेळाचा पहिला ऋतु नोव्हेंबर २०२१ मध्यें सुरू झाला. तो सुमारें तीन महिन्यांचा असावयाचा, तो मे २०२२ पर्यंत वाढविण्यांत आला. पुढील भागाचा दर्जा राखतां यावा आणि काम करणारांवर असह्य ताण पडूं नये, अशीं दोन कारणें करणारांनीं उघड सांगितलीं. बंजी कंपनीच्या ‘डेस्टिनी २’ या खेळांत तर साखळीच दिसते. ‘द फायनल शेप’ हा स्वतंत्र किंमतीचा मोठा भाग २७ फेब्रुवारी २०२४ रोजीं यावयाचा होता. तो ४ जूनवर गेला; त्यामुळें २८ नोव्हेंबर २०२३ रोजीं सुरू झालेला ऋतु सहा महिन्यांहून अधिक लांबला. ती पोकळी भरण्यासाठीं एप्रिलमध्यें विनामूल्य नवीन भाग द्यावा लागला.

क्वचित् कारण खेळाबाहेरचें असतें. फोर्टनाइटचा तिसरा ऋतु ४ जून २०२० रोजीं उघडावयाचा होता. आधींच्या ऋतूचा समारोप करणारा देखावा सिद्ध झाला नाहीं म्हणून ती तारीख ११ जूनवर गेली. एवढ्यांत मिनिआपोलिस येथें पोलिसांच्या हातून जॉर्ज फ्लॉइड यांचा मृत्यु झाल्यावर अमेरिकेंत जो क्षोभ उसळला, त्या दिवसांत आपल्या लोकांना स्वतःकडे, कुटुंबाकडे आणि समाजाकडे पाहण्यास अवधि हवा, असें सांगून कंपनीनें ती १७ जूनवर नेली.

तारीख कधींच हलूं दिली नाहीं तर काय होतें? एप्रिल २०१९ मध्यें ‘पॉलिगॉन’ या पत्रानें एपिकमधील कामगारांची हकीकत छापली. आठवड्याला सत्तर सत्तर तास काम केल्याचें अनेकांनीं त्यांत सांगितलें होतें. सतत नवें कांहीं देत राहण्याची किंमत अशी कोणाच्या तरी झोपेंतून वसूल होते. लांबलेल्या ऋतूचा विचार करतांना हें विसरून चालणार नाहीं.

खेळाडूचें नुकसान होत नाहीं काय? होतें, पण सर्वांचें नव्हे. ज्याच्या पायऱ्या उरल्या आहेत त्याला ही सवलतच वाटते. ज्यानें शंभरावी गांठली त्याला तोच नकाशा कंटाळवाणा होतो. म्हणून कंपन्या जादा कामगिऱ्या आणि बक्षिसें घालून वेळ निभावतात. यांत कंपनीची लबाडी असेल, हा संशय मात्र बहुधा टिकत नाहीं; कारण ऋतु लांबला कीं नवा पास विकण्याचा दिवसही लांबतो, आणि कंटाळलेलें गिऱ्हाईक दुसऱ्या खेळाकडे वळतें. हा तोटा पत्करूनही तारीख पुढें ढकलली जाते, तेव्हां अडचण खरी असण्याचाच संभव अधिक.

यावरून पालकांनीं दोन गोष्टी ध्यानांत ठेवाव्या. जाहीर झालेली तारीख हा अंदाज असतो, वचन नव्हे. म्हणून पास घ्यावयाचा तो आज त्यांत जें आहे तेवढ्यासाठींच घ्यावा. आणि मुलगा चिडून म्हणूं लागला कीं ऋतु अजून कां बदलत नाहीं, तर त्याला सांगावें कीं निसर्गाचा ऋतु आपोआप पालटतो; हा ऋतु पालटण्यासाठीं कोठें तरी माणसें जागत बसलेलीं असतात, आणि त्यांनाही रात्रीं घरीं जावयाचें असतें.